कर्नलच्या दारापुढची खुर्ची

१२ फेब्रुवारी १९५७, सेर्रोते दास गार्सास

पोचले एकदाची. मालट्रकच्या पुढच्या बाकावर अकरा तास. एका बाजूला ड्रायव्हर, दुसऱ्या बाजूला त्याच्या बहिणीच्या कोंबड्यांची टोपली, आणि पायाशी माझी कायद्याच्या पुस्तकांची पेटी. नेमणुकीचं पत्र हातात देताना राजधानीतले वरिष्ठ जजसाहेब फार गोड हसून म्हणाले होते, "तिथली हवा कोरडी आहे हो, तब्येतीला बरी." राज्यातली पहिली बाई-जज कुठे ठेवायची हे त्यांना सुचेना, म्हणून नकाशाच्या कडेला ठेवून दिली. असू दे. कडेलाही कोर्ट असतं. दोन वर्षं इथे नीट काढली की नेमणूक पक्की होते, मग मला हलवताना त्यांचीच कंबर मोडेल.

उन्हं उतरल्यावर चौकात उतरले. सगळं गाव आपापल्या खुर्च्या दारापुढे मांडून बसलेलं. मोठ्या निळ्या घरापुढून एक साठीची बाई उठली, कातडी बैठकीची खुर्ची तिने स्वतः पुढे ओढली. "बसा हो बाई, पाय किती सुजलेत तुमचे." मी बसले. पाणी आलं, कॉफी आली, पेरूची वडी आली. शेजारच्या खुर्चीवरच्या देखण्या तरुणाने मला वारा घ्यायला पंखा दिला. माणसं चांगली वाटली.

घर भाड्याचं, दोन खोल्यांचं. इथे खाटा नाहीत, झुल्यात झोपतात. भिंतीत झुल्यांच्या चार कड्या आहेत, मला दोन पुरल्या. आता झोपते.

१३ फेब्रुवारी

गाढव आहे मी.

सकाळी कोर्टात गेले तर कारकून लौरिंदो टेबल पुसत होता. वय साठ, तोंड कायम कडू औषध प्यायल्यासारखं. म्हणाला, "आज सकाळी तिघांनी आपले अर्ज परत नेले, जजबाई."

"का?"

"काल तुम्ही कर्नलच्या दारापुढे बसलात."

"दमले होते मी."

"ते खरंच. पण बसलात."

मग त्याने टेबल पुसता पुसताच सांगितलं. कर्नल बेलार्मिनो फौजेत कधीच नव्हता. गुरं त्याची, विहिरी त्याच्या, मतं त्याची, म्हणून कर्नल. आणि नवा जज पहिल्या संध्याकाळी ज्याच्या दारापुढे बसतो, तो जज त्याचा, हे इथल्या पोराटोरालाही ठाऊक आहे. आधीचे जज सात वर्षं त्याच खुर्चीवर बसले.

"आणि शेजारचा तो पंखा देणारा?"

"एवाल्दो. कर्नलचा पुतण्या. बायकोला गोळी घातल्याचा खटला आहे त्याच्यावर. तुमच्याच कपाटात. वरून तिसरा गठ्ठा."

माझे बाबा राजधानीच्या कोर्टात शिपाई होते. चाळीस वर्षं त्यांनी जजसाहेबांच्या खुर्च्या पुसल्या. कुणी कुठे बसायचं हे त्यांना झोपेत सांगता आलं असतं. आणि त्यांची लेक वकिली करून, परीक्षेत पहिली येऊन, पहिल्याच संध्याकाळी खुनाच्या आरोपीच्या शेजारी बसून पेरूची वडी खाते. लाज वाटते लिहायला, पण लिहून ठेवते.

१६ फेब्रुवारी

सुताराकडून दोन खुर्च्या करून घेतल्या. एक मला, एक जो येईल त्याला. माझं घर कर्नलच्या घरासमोर, मध्ये चौक. संध्याकाळी दारापुढे बसले. माणसं टोपी काढून "शुभ संध्याकाळ" म्हणत आणि पावलं उचलत. दुसऱ्या खुर्चीवर कुणी बसलं नाही. अंधार पडेपर्यंत बसून होते मी.

कर्नलने एक दुभती गाय पाठवली होती, "जजना इथे नेहमी देतो" असा निरोप. परत पाठवली. दूध कुणाकडून आणायचं हा आता प्रश्नच आहे.

३ मार्च

गठ्ठा वाचून काढला. रिझोलेता, वय बावीस. मागच्या ऑक्टोबरच्या चौदा तारखेला संध्याकाळी नवऱ्याने घरात गोळी घातली. त्याचं म्हणणं, दुपारभर ती नदीकाठी एका खेचरवाल्याबरोबर होती, आपण डोळ्यांनी पाहिलं, अब्रू राखायला गोळी घातली. दुसरा साक्षी-पुरावा काही नाही. आधीच्या जजसाहेबांनी कागद चार महिने उबवत ठेवले. मी खटला जूरीपुढे पाठवायचा हुकूम काढला, आणि एवाल्दोला अटक. पोलीस हवालदार दोनदा विचारायला आला, "नक्की याच एवाल्दोला ना?"

दुपारी कर्नलची बायको दोना उंबेलिना घरी आली. हो, तीच, खुर्ची ओढणारी. म्हणे तुमचा कोर्टाचा झगा लांब दिसतो, दुमडून देते. झगा आहेच आधीच्या साहेबांचा. बाईचा झगा सरकारकडे नाही. खाली बसून टाचण्या लावता लावता म्हणाली, "पोर माझ्या मांडीवर नाव ठेवलेली हो. मी तिची धर्ममाता. त्या दिवशी दुपारी..."

मी तिथेच थांबवलं. "दोना उंबेलिना, खटल्याबद्दल मी घरी बोलत नाही." तिने मान हलवली आणि मुकाट्याने शिवत राहिली. कर्नलने धाडलं असणार माझा अंदाज घ्यायला. एकदा फसले, पुन्हा नाही फसणार. शिवण मात्र सुरेख घातलीय.

५ मार्च

ओताव्हियोचं पत्र. राजधानीत वकिली बरी चाललीय, डिसेंबरात लग्न करू म्हणतो. लिहितो, "लग्नानंतर तू काम सोडावंस असं मी कधीच म्हणणार नाही. परवानगीचा कागद मी आत्ताच लिहून ठेवला आहे, म्हणजे तुला घोर नको."

खरंच समजूतदार आहे. आमच्या कायद्यात लग्न झालेली बाई अल्पवयीन मुलं आणि उधळे यांच्या ओळीत बसते, तो काही ओताव्हियोने केलेला कायदा नाही. सरकारी नोकरीला नवऱ्याची परवानगी आहे असं धरूनच चालतात, तरी हा बिचारा लिहून देतोय.

संध्याकाळी उगाच लौरिंदोवर खेकसले. ऊन लागलं असावं.

२२ मार्च

जूरीची वर्षाची यादी जजने करायची असते. जुनी मागवली. साठ नावं. त्यात दोघे मेलेले, एक आंधळा, आणि बाई एकही नाही.

"लौरिंदो, कायदा बायकांना मना करतो का?"

"नाही."

"मग नावं का नाहीत?"

"कुणी घातली नाहीत."

"मेलेल्यांची घातलीत."

"ते आधी जिवंत होते, जजबाई."

मेलेला पुरुष चालतो, जिवंत बाई नाही. गेल्या वीस वर्षांत या कोर्टात बायकोला मारल्याचे नऊ खटले झाले, नऊच्या नऊ सुटले. सगळे अब्रूवाले. मी आज नवी यादी लिहिली. साठांत चोवीस बायका: डॉक्टरांची बायको, दुकानदारांच्या बायका, शाळेतल्या बाई. उद्या कोर्टाच्या दारावर लागेल.

९ एप्रिल

एकोणीस पत्रं आली आहेत. एकोणीस नवरे. "माझ्या पत्नीस जूरीत बसण्याची माझी परवानगी नाही." सगळ्यांचं अक्षर एक, शाई एक, शब्द एक. खाली सह्या तेवढ्या वेगळ्या. कर्नलच्या हिशेबनीसाचा हात दुखून आला असेल.

जूरीला बसणं हे कर्तव्य आहे, त्याला परवानगी लागतच नाही. मी ठणकावून सांगू शकते. गैरहजर राहिली तर दंडही लावू शकते. पण लावला तर दंड भरणार नवरा आणि मार खाणार बायको. काल डॉक्टरांची बायको रस्त्यात भेटली, तिने मान खाली घातली आणि दुसऱ्या बाजूने गेली. कायदा माझ्या बाजूने आहे आणि मला त्याचं काय करावं ते समजत नाही. असं पहिल्यांदाच झालं.

१० एप्रिल

लौरिंदो आज शाईची दौत भरता भरता स्वतःशीच पुटपुटला, "या गावात कुणाला न विचारता चालणाऱ्या बायका म्हणजे विधवा आणि बिनलग्नाच्या. बाकी सगळ्यांना विचारावं लागतं."

"त्या किती आहेत?"

"लिहिता-वाचता येणाऱ्या? एकोणतीस." क्षणाचाही वेळ न घेता.

मी त्याच्याकडे पाहिलं. तो दौतच भरत होता. माणूस असा की हो म्हणतानाही नाही म्हणतोय असं वाटतं; माझी खात्री आहे की इथलं सगळं तिकडे निळ्या घरात पोचतं ते याच्याकडूनच. पण एकोणतीस तर एकोणतीस.

एकोणीस नावं खोडली आणि एकोणतीस घातली. सुईण मांय लुझिया, पोस्टातली दोना युदोशिया, दोघी शिंपिणी, मेणबत्त्या करणाऱ्या तिघी विधवा बहिणी. पुरुष कमी झाले. आंधळा आणि मेलेले तर मागच्याच यादीत गेले होते. आता आणा म्हणावं नवऱ्यांची पत्रं.

१४ एप्रिल

गाव हसतंय. औषधवाल्याच्या दुकानात म्हणे याला "रांडावांचं कोर्ट" म्हणतात. चर्चमध्ये पाद्रीबाबांनी प्रवचनात बाईच्या नम्रतेवर पाऊण तास घेतला आणि बोलताना माझ्याच बाकाकडे पाहत होते. मी पाऊण तास त्यांच्याचकडे पाहिलं. शेवटी त्यांनीच नजर वळवली.

मांय लुझिया तेवढी घरी आली, विचारायला की जूरीत बसताना चप्पल चालते की बूट लागतात. म्हटलं, काहीही चालेल. म्हणाली, "मग मी अनवाणी येते. अर्धं गाव मी बाहेर काढलंय ते अनवाणीच." दाराशीच बोलली, बसली नाही.

२५ जून

काल संत जुआंवचा सण. घरोघर शेकोट्या, मक्याच्या कणसांचा वास, माझ्या दारापुढे माझी एकटीची छोटी शेकोटी. दोना उंबेलिना मक्याच्या खिरीचं भांडं घेऊन आली. खुर्चीकडे पाहिलं, पण उभीच राहिली. चौकापलीकडून कर्नल पाहत होता.

"एक विचारू? माझी एक मैत्रीण आहे. नवऱ्याला न विचारता ती कोर्टात बोलली, तर तिला तुरुंगात घालतात?"

मला रागच आला. मैत्रीण म्हणे. कर्नलला हवंय मी काहीतरी घरी बोलून बसावं, मग ते वर कळवता येईल. "तुमच्या मैत्रिणीला कोर्टात येऊन विचारायला सांगा." खीर ठेवून ती गेली. खीर मी खाल्ली नाही, म्हणजे काल रात्री नाही, सकाळी खाल्ली.

२८ जून

लौरिंदो सांगतो, बायका कोर्टाच्या पायरीपर्यंत येऊन असंच काहीबाही विचारून जातात. एक वैताग. नोटीस लिहून टाकली: "या कोर्टात साक्ष देण्यासाठी कोणत्याही स्त्रीला, विवाहित असो वा नसो, कोणाचीही परवानगी लागत नाही. नोएमिया सारमेंतो, न्यायाधीश."

लौरिंदोने ती दारावर लावली, पण इतकी खाली की पुरुषाला वाकून वाचावी लागते. धांदरट. वर लाव म्हटलं तर म्हणतो खिळे चार ठोकलेत, आता निघणार नाहीत.

९ जुलै

ओताव्हियोचं पत्र. तीनदा वाचलं.

"नोएमिया, तुला आनंद होईल अशी बातमी. तुमच्याच गावचा एक मोठा खटला माझ्याकडे आला आहे, एवाल्दो म्हणून कुणी आहे त्याच्या बचावाचा. कर्नल बेलार्मिनो स्वतः राजधानीत येऊन भेटले, फार दिलदार माणूस. आता जजचा होणारा नवराच वकील म्हटल्यावर तुला या खटल्यापुरतं बाजूला व्हावं लागेल, शेजारच्या तालुक्याचे जज येऊन चालवतील. बरंच झालं, तुझ्या डोक्याला तेवढा ताप कमी. तेवढे चार दिवस आपण लग्नाचं ठरवू."

शेजारच्या तालुक्याचे जज कर्नलच्या मुलीचे धर्मपिता आहेत. ओताव्हियोला हे ठाऊक नाही. मी लगेच लिहायला बसले होते, त्याला समजावून सांगायला, की तुला फसवलंय, तू खटला सोड. दोन पानं लिहिली. मग त्याचं वाक्य पुन्हा वाचलं: तुझ्या डोक्याला ताप कमी. रिझोलेताचं नाव पत्रात कुठेच नाही. मला विचारलेलंही कुठे नाही.

दोन पानं फाडली.

१० जुलै

सकाळी पोस्टात गेले. दोना युदोशियाने तारेचा कागद पुढे केला. लिहिलं: "लग्न होणार नाही. खटला होणार. नोएमिया."

तिने वाचलं. चेहरा हलला नाही. "एवढ्याच पैशात अजून चार शब्द बसतात," ती म्हणाली.

मी विचार केला. मग लिहिलं: "अंगठी पोस्टाने पाठवत आहे."

तिने शब्द मोजले, कागदावर शिक्का मारला, अंगठीचं पाकीट तोलून घेतलं आणि पावती दिली. पावती मी खटल्याच्या कागदात लावली, तारखेसह. उद्या कुणी म्हणालं की जजचं वकिलाशी नातं आहे, तर हे घ्या.

बारा वाजेपर्यंत साऱ्या गावाला कळलं होतं. कोर्टातून परतताना चर्चच्या पायऱ्यांवर दोना उंबेलिनाने माझी बाही धरली. "बाई, मला तुमच्याशी..." समोर कर्नल घोड्यावर होता. मी बाही सोडवून घेतली. मला आज कुणाशीच बोलायचं नव्हतं.

घरी येऊन रडले. लिहून ठेवते, कारण उद्या म्हणेन की रडले नव्हते. सहा वर्षं ओळखत होते त्याला. संध्याकाळी तोंड धुऊन खुर्ची दारापुढे काढली.

२ ऑगस्ट

ओताव्हियोने खटला सोडला. एक ओळ लिहिली आहे: "तू कठोर झालीस." कर्नलने राजधानीहून दुसरा वकील आणलाय, सोनेरी चष्म्याचा, आवाज घंटेसारखा. आणि वर अर्ज गेलाय की मी मनाने स्थिर नाही, नेमणूक पक्की करू नये. वरिष्ठ साहेबांचं विचारणा-पत्र आलं. उत्तर लिहिलं: वीस तारखेला खटला आहे, स्थिर आहे की नाही ते येऊन पाहावं.

भीती वाटत नाही असं नाही. हरले तर बाबांच्या घरी परत जायचं, आणि पुढची वीस वर्षं सगळे म्हणतील, बाईला देऊन पाहिलं होतं एकदा. पण रिझोलेताला परत जायला कुठलं घरही नाही.

२० ऑगस्ट

क्रमाने लिहिते.

सकाळी नऊ. कोर्ट तुडुंब. कर्नल पहिल्या रांगेत. पेटीतून जूरीच्या चिठ्ठ्या मीच काढल्या. सरकारी वकिलाने कुणाला नाकारलं नाही. घाम पुसण्यातच बिचाऱ्याचा वेळ गेला. बचावाला कारण न देता तिघांना नाकारता येतं. सोनेरी चष्म्याने शाळेतल्या बाईंना नाकारलं, दोना युदोशियाला नाकारलं, एका शिंपिणीला नाकारलं. तीन संपले. मग मेणबत्तीवाल्या बहिणींतली एक निघाली. तो ओठ चावून बसला. शेवटची चिठ्ठी मांय लुझियाची. तिला तो नाकारू शकत नव्हताच, पण कर्नल त्याच्या कानाशी लागला आणि दोघांचे चेहरे उजळले. एवाल्दोलाही आईच्या पोटातून बाहेर काढलं ते तिनेच. आपली बाई म्हणून दोघे निर्धास्त झाले. मांय लुझिया अनवाणी येऊन बसली. पाच पुरुष, दोन बायका.

बचावाची गोष्ट तीच: नदीकाठ, खेचरवाला, दुपारभर, डोळ्यांनी पाहिलं. एवाल्दो रडलासुद्धा. पुरुष जूरी माना हलवत होते. साक्षी संपल्या आणि मी वकिलांना भाषणाला उभं करणार, तेवढ्यात दारात गलका झाला.

दोना उंबेलिना. एकटी. काळा पोशाख, एका हातात लेस विणायची उशी आणि दुसऱ्या हातात माझी नोटीस, दारावरून उपटलेली, चारही कोपऱ्यांना खिळ्यांची भोकं.

"हे खरं आहे?" तिने कागद वर धरला.

"सही माझीच आहे."

"मग मला बोलायचंय."

वकील ताडकन उठला. "हरकत आहे. या बाईंच्या यजमानांनी..."

"वकीलसाहेब, सत्य कळायला कुणाचीही साक्ष कोर्ट घेऊ शकतं. बसा."

"उंबेलिना," कर्नल शांतपणे म्हणाला, "घरी चल."

तिने वळून पाहिलं नाही. मी म्हटलं, "कर्नल, इथे कोर्ट चालू आहे. बोलायचं असेल तर साक्षीदार म्हणून नाव द्या, नाहीतर गप्प बसा."

मी मनात दहापर्यंत मोजलं. तो गप्प बसला.

तिने शपथ घेतली आणि उशी टेबलावर ठेवली. काट्यांनी उशीवर टाचून धरलेली लेस, अर्धं फूल झालेलं, दोरे गुंडाळलेल्या विणायच्या काड्या लोंबत होत्या. "हे रिझोलेताचं. चौदा तारखेला दुपारी दोनपासून चर्चची संध्याकाळची घंटा होईपर्यंत ती माझ्या अंगणात बसून हे विणत होती. नदीवर गेली नाही, कुठेच गेली नाही. घंटा झाली तशी म्हणाली, उरलेलं उद्या करते, आणि घरी गेली. थोड्या वेळाने गोळीचा आवाज आला." मग एवाल्दोकडे बघून, आवाज न चढवता, "तुला ठाऊक होतं ती कुठे आहे. तूच दुपारी येऊन तिला सोडून गेला होतास."

वकिलाने घंटेसारखा आवाज लावला. "दहा महिने या बाई झोपल्या होत्या काय? आधी का नाही बोलल्या?"

"तीनदा गेले होते बोलायला. जजबाई म्हणाल्या, घरी नाही, कोर्टात. म्हणून कोर्टात आले."

माझे कान तापले. झगा. खीर. चर्चची पायरी. मी टेबलावरच्या कागदांकडे बघत राहिले. लौरिंदो तिचा शब्दन् शब्द लिहून घेत होता, आणि त्या कडू तोंडावर, मी शपथेवर सांगेन, हसू होतं. नोटीस कुणाच्या उंचीवर ठोकली होती ते मला तेव्हा कळलं. आणि एकोणतीस हा आकडा तोंडपाठ का होता, तेही.

आतल्या खोलीत मतदान झालं. प्रत्येकाला दोन चिठ्ठ्या, हो आणि नाही. एक पेटीत टाकायची. प्रश्न: आरोपीने आपल्या अब्रूच्या बचावासाठी गोळी घातली काय? मी एकेक उघडत गेले. हो. नाही. हो. नाही. नाही. हो. सातवी चिठ्ठी इतकी बारीक घडी घातलेली की नखाने उलगडावी लागली. नाही.

कुणी काय टाकलं हे मला कधीच कळणार नाही आणि कळूही नये. चार-तीन. म्हणजे दोन बायकांबरोबर किमान दोन पुरुषही होते. हे मी कधी विसरणार नाही.

चौदा वर्षांची शिक्षा उभी राहून वाचली. अपील होईल, होऊ दे.

बाहेर पडताना कर्नल पायरीवर उभा होता. "तुमची दोन वर्षं पुरी व्हायला बराच अवकाश आहे, जजबाई."

"अठरा महिन्यांना थोडे कमी, कर्नल. मोजलेत मी."

संध्याकाळी खुर्च्या नेहमीसारख्या दारापुढे काढल्या. चौकात एकही खुर्ची नव्हती. सगळी दारं बंद. या गावात मी असं कधी पाहिलं नव्हतं. बसून राहिले. उठले असते तर उद्या बसता आलं नसतं.

मग निळं दार उघडलं. दोना उंबेलिना बाहेर आली, तीच कातडी बैठकीची खुर्ची एका हाताने ओढत. खुर्चीचे पाय दगडांवर खरखरत होते, सगळ्या गावाला ऐकू जावं इतके. दुसऱ्या बगलेत गुंडाळलेला झुला होता. चौक ओलांडून ती आली, माझ्या शेजारी खुर्ची टेकवली आणि बसली. दम लागला होता तिला.

"इथे एक रिकामी होती की," मी म्हटलं.

"ती राहू दे. लुझिया येतेय." मग निळ्या दाराकडे बघत, "विचारून नाही आले मी."

"मी तुम्हाला तीनदा परत पाठवलं, दोना उंबेलिना."

"पाठवलंत खरं." ती माझ्या झग्याच्या शिवणीकडे बघत होती, बदलायचा राहिला होता. "तुमच्या भिंतीत झुल्याच्या कड्या किती आहेत?"

"चार."

"मग झालं," ती म्हणाली, आणि झुला मांडीवर घेऊन नीट टेकून बसली.